फुलीचा टाका

शर्टाच्या बटणाला चार भोकं असतात आणि ते लावायच्या दोन पद्धती. एक म्हणजे शेजारी शेजारी दोन सरळ रेघा, दुसरी फुली. मी जन्मभर सरळ टाका घालत आले. माझी आई तसाच घालायची, आणि मी काम करते त्या हॉस्पिटलच्या लाँड्रीतही तसाच घालतात. डॉक्टरांचे पांढरे कोट तापलेल्या रोलरखालून जातात ना, तेव्हा फुलीचा टाका मधे उंच राहतो आणि करपतो.

म्हणून गेल्या वर्षी माझ्या मुलाच्या शाळेच्या शर्टावर, वरून दुसऱ्या बटणाला, मला फुली दिसली तेव्हा कुणी येऊन काही सांगायची गरज पडली नाही. हाताच्या कांकणाला आरसा कशाला? कफावर मशिनच्या तेलाचा पुसट डाग होता. खिशाच्या शिवणीत निळ्या खडूची भुकटी होती. वीस वर्षं मी लोकांच्या कपड्यांवरचे डाग वाचतेय. रक्ताला गार पाणी, तेलाला गरम, आणि खोटं बोलणाऱ्या माणसाला त्याचाच कपडा पुरे. माझा मुलगा त्या शिवणवालीकडे जात होता.

शिवणवाली म्हणजे माझ्या नवऱ्याची दुसरी बायको. नवरा आपलं जुन्या सवयीनं म्हणायचं. कोर्टातून आम्ही मोकळे झालो त्याला सहा वर्षं झाली. तो लांबपल्ल्याचा ट्रक चालवतो आणि महिन्यातून चार दिवस घरी असतो. माझ्याकडे होता तेव्हाही चारच दिवस असायचा, त्यामुळे तो गेल्याचं मला फारसं जाणवलं नाही, असं मी लाँड्रीत हसून सांगते आणि ते खरंही आहे. पण ती! कानामागून आली आणि तिखट झाली. नवरा नेलास ना? लखलाभ. वर आता पोरावरही डोळा?

सहा वर्षांपूर्वीच मी मुलाला बजावून ठेवलं होतं. तेव्हा तो नऊ वर्षांचा होता. "त्या बाईच्या घरात पाय ठेवलास ना, तर मी तुझी आई नाही." उचलली जीभ लावली टाळ्याला. त्यानं फक्त मान हलवली. तो बोलतोच कमी. तीन वर्षांचा होईपर्यंत त्यानं तोंडातून शब्द काढला नव्हता, म्हणून आम्ही त्याला मौनी, मग मोन्या म्हणायला लागलो, ते नाव अजून चिकटून आहे.

मी त्याला सरळ विचारलं का नाही, असं कुणीही म्हणेल. विचारलं असतं आणि तो हो म्हणाला असता तर? शब्द माझाच होता. मग तो पाळायचा की गिळायचा? त्यापेक्षा मी कात्री घेतली, ते बटण उसवलं आणि माझ्या सरळ टाक्यानं पुन्हा लावलं. दोन बोटं दोरा जास्त गुंडाळला, चांगला घट्ट. पंधरा दिवसांनी बघते तर पुन्हा फुली. मी पुन्हा उसवलं. वर्षभर हे असंच चाललं. आमच्या दोघींत एका शब्दाची देवाणघेवाण झाली नाही, पण त्या एका बटणावर आम्ही जेवढं भांडलो तेवढं चाळीच्या नळावरही कुणी भांडलं नसेल. मोन्या सकाळी शर्ट घालायचा, बटण लावायचा आणि शाळेत जायचा. त्याच्या काही लक्षात येत नाही असं मी समजत होते.

मग ते मोबाइलच्या दुकानाचं प्रकरण झालं.

आमच्याच बिल्डिंगमधली तीन मोठी मुलं. दुपारी बंद असलेल्या दुकानाचं मागचं दार फोडून त्यांनी फोन उचलले. त्यातला एक मोन्याच्या दप्तरात सापडला. "ठेव म्हणाला, मी ठेवला," एवढंच त्यानं पोलिसांना सांगितलं. कोण म्हणाला, कधी म्हणाला, काही नाही. खरंखोटं काय ते खटल्यात ठरणार होतं, आणि खटला सहा महिने चालेल की दोन वर्षं, ते कुणी सांगू शकत नव्हतं. तोवर प्रश्न एकच होता. मोन्या घरी राहणार की आरोप असलेल्या मुलांना ठेवतात त्या निरीक्षणगृहात?

सरकारकडून मिळालेल्या वकीलबाई चुणचुणीत होत्या. म्हणाल्या, "घाबरू नका. मुलांना जामीन द्यायचाच असतो, नाकारायचा तर कारण लागतं. पैसेसुद्धा भरायचे नाहीत, घरच्यांनी हमी लिहून द्यायची. फक्त सुटल्यावर तो पुन्हा वाईट संगतीत जाईल असं न्यायाधीश मॅडमना वाटायला नको."

तारखेआधी घर बघायला कोर्टाकडून एक ऑफिसर बाई येणार होत्या. मी दोन दिवस घर घासलं. भांडी, खिडक्या, पंख्याची पाती, सगळं. मोन्याचे कपडे घडी करून फळीवर असे रचले की कोपरा कोपऱ्याला लागत होता. ऑफिसर बाईंनी ते सगळं पाहिलं, "छान ठेवलंय," म्हणाल्या आणि वही उघडली.

"तो तीनला शाळेतून सुटतो. तुम्ही एक ते नऊ कामावर. मधे तो कुठे असतो?"

"घरीच. अभ्यास करतो."

त्यांनी लिहून घेतलं. त्या वर यायच्या आधी खालच्या मजल्यावर विचारून आल्या होत्या, हे मला नंतर कळलं.

मुलांचं कोर्ट कोर्टासारखं दिसत नाही. एक लांब टेबल, भोवती खुर्च्या, भिंतीवर घड्याळ, कपाटावर रंगीत पेन्सिलींचा डबा. न्यायाधीश मॅडम आपल्यासारख्याच खुर्चीत बसतात. मोन्या माझ्यासमोर बसला होता, शाळेचाच शर्ट घालून. मी आधी त्याच्या दुसऱ्या बटणाकडे पाहिलं, मग तोंडाकडे. हे मी लपवत नाही.

मॅडमनी अहवाल वाचला. दुपारी घराला कुलूप असतं. शेजाऱ्यांच्या म्हणण्याप्रमाणे मुलगा तीन ते नऊ घरी नसतो. आईला त्याचा ठावठिकाणा माहीत असल्याचं दिसत नाही. सोबतचे आरोपी त्याच इमारतीत राहतात.

"तो या वेळात कुठे असतो, तुम्हाला माहीत आहे का?" मॅडमनी विचारलं. आवाजात राग नव्हता, आणि तेच जास्त अवघड होतं.

माहीत होतं. जिभेवर होतं. पण त्या एका क्षणात मला पुढचं सगळं दिसलं. त्या विचारणार, कुणाकडे? मग विचारणार, तिथे दुपारी मोठं माणूस घरी असतं का? हो, असतं, ती मेली दिवसभर घरीच असते, मशिनपाशी. मग म्हणणार, ठीक आहे, त्यांच्याकडेच राहू द्या. पंधरा वर्षं मी खस्ता खाल्ल्या, आणि ही आयत्या बिळावर नागोबा. तेही सही-शिक्क्यानिशी.

"नाही माहीत," मी म्हटलं.

मॅडमनी मोन्याला विचारलं. "तू सांग. दुपारी कुठे जातोस?"

त्यानं माझ्याकडे पाहिलं, मग टेबलाकडे. वकीलबाईंनी त्याला दोनदा समजावलं. तो गप्प. जामीन नाकारला, पंधरा दिवसांनी पुन्हा बघू असं ठरलं, आणि त्याला मागच्या दारानं नेलं.

मला त्या वेळी वाईट वाटलं असं सांगितलं तर लोकांना बरं वाटेल. पण पहिल्यांदा मला जे वाटलं ते असं होतं : तिच्याकडे तरी नाही गेला. सुटले! बसमध्ये बसल्यावर मात्र कंडक्टरला सुटे देताना तीनदा खाली पडले.

रविवारी मी भेटायला गेले. निरीक्षणगृहाच्या दारात एक वही असते. नाव, मुलाशी नातं, वेळ, सही. मी लिहायला वाकले आणि वरच्या ओळी दिसल्या. बुधवार. मोन्याचं नाव. नात्याच्या रकान्यात, शिंप्याच्या बिलावर असतं तसल्या तिरप्या अक्षरात : काकू.

"आठवड्यात दोन भेटी असतात बरं का ताई," दारावरचा माणूस म्हणाला. "एक होऊन गेलीय."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. नवरा गेला तेव्हा मी त्याचे कपडे इस्त्री करून बॅगेत भरून दिले होते, विचारा कुणालाही. पण माझ्या वाट्याच्या दोन भेटींतली एक तिनं खाल्ली, हे मला सोसवेना.

मोन्या आला. नवी पँट होती अंगावर, करडी. बाजारातली नव्हती, घरी शिवलेली. कमरेला बरोबर, लांबीला बरोबर, टाचेवर जिथं टेकायला हवी तिथंच टेकलेली. माझ्या पिशवीत मी घरून कडक इस्त्री करून आणलेली त्याची पँट होती. ती त्याच्या पायाला लावून पाहिली तर घोट्याच्या चांगली वर. कधी वाढला हा? मी रोज त्याचे कपडे बघत होते. त्याला बघायचं राहून गेलं होतं. मी कामावरून येते तेव्हा तो पेंगुळलेला असतो, आणि सकाळी बादली, डबा, शाळा अशी पळापळ.

"छान बसलीय पँट," मी म्हटलं. "माप कधी घेतलं तिनं?"

"नाही घेतलं. अंदाजानं शिवली." मग घाईनं, "मी तिला बोलावलं नव्हतं, आई. तू चिडू नको."

"मी कशाला चिडू? जेवतोस का?"

"हो."

"कुणी मारतं?"

"नाही. माझ्या शेजारचा रडतो खूप. तो बारा वर्षांचाच आहे." तो पुढे वाकला आणि आवाज खाली आणून म्हणाला, "आई, मी कुणालाच नाही सांगितलं."

"काय नाही सांगितलंस?"

"तेच. दुपारचं. तू मॅडमना माहीत नाही म्हणालीस ना, म्हणून मी पण गप्प बसलो. वकीलबाई नंतर पण विचारत होत्या. नाही सांगितलं."

"मला माहीत आहे हे तुला कधीपासून माहीत आहे रे?"

"तू बटणं बदलायचीस ना," तो म्हणाला.

पेपरात पैकीच्या पैकी मिळाल्यावर सांगतात ना, तसं सांगितलं त्यानं मला. शाबासकी हवी होती त्याला. माझ्यापायी तो आत बसला होता आणि वर त्याला वाटत होतं की आईसाठी आपण काहीतरी बरं केलं. मी त्याच्या डोक्यावरून हात फिरवला. वेळ संपली, तो उठून गेला, आणि जाताना त्या करड्या पँटच्या मागच्या खिशाची शिवण किती सरळ आहे, तेही माझ्या डोळ्यांनी टिपलंच.

दुसऱ्या दिवशी सकाळी, कामाच्या वेळेआधी, मी तिच्या घरी गेले. सहा वर्षांत पहिल्यांदा. भांडायलाच गेले होते. वाटेत वाक्यंसुद्धा पाठ केली होती.

अरुंद गल्ली होती, शेवटचं घर. शिलाई मशिन अर्धं दारात, अर्धं आत, म्हणजे आत जायचं तर अंग चोरून जावं लागेल असं. दाराबाहेर पत्र्याची पडवी, पडवीत एक प्लास्टिकचं स्टूल आणि पालथा घातलेला एक खोका. स्टुलाचा एक पाय चिंधीनं बांधलेला होता. ती मशिनवर वाकली होती. माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी लहान, तरी केस माझ्याहून जास्त पांढरे. हे बघून जरा बरं वाटलं. तोंडात टाचण्या होत्या. त्या काढेपर्यंत बोलता येईना तिला, म्हणून मलाच आधी तोंड सोडता आलं.

"काकू म्हणून सही करतेस? कुठली काकू गं तू?"

तिनं टाचण्या एकेक करून मशिनवरच्या छोट्या कापडी गादीत खोचल्या. "वहीत 'आईची सवत' असं लिहायला बरं दिसलं नसतं, ताई."

दुसऱ्या कुणी म्हटलं असतं तर मी हसले असते.

"माझी भेट खाल्लीस तू."

"चुकलं माझं. दोनच असतात ते मला आत गेल्यावर कळलं. आता नाही जाणार." मग ती उठून उभी राहिली. "तुम्ही कोर्टात सांगितलं का नाही?"

"तू का नाही सांगितलंस? एवढा पुळका आहे तर?"

"त्यानं भेटीत शपथ घातली. म्हणाला, काकू, तू आलीस तर सगळ्यांसमोर होईल, आणि मग आईला माझी आई राहता येणार नाही." ती माझ्याकडे बघत नव्हती. "मला काही कळलं नाही. पण रडत होता, म्हणून हो म्हटलं."

मला कळलं. बरोबर शब्दाला शब्द कळलं. पण राग इतक्या लवकर उतरत नाही माझा.

"करतो काय तो इथं रोज?"

"मापं लिहितो. माझं अक्षर मलाच लागत नाही." तिनं खणातून एक जाड वही काढून दिली. मापाची वही. प्रत्येक पानावर वर तारीख, खाली छाती, खांदा, बाही, उंची, सगळं मोन्याच्या अक्षरात. त्याचा नऊचा आकडा पाय दुमडून बसल्यासारखा असतो, लाखात ओळखेन मी. पान उलटत गेले. रविवार सोडला तर एक दिवस खाडा नाही. दुकान फुटलं त्या दुपारी अकरा मुलांच्या गणवेशांची मापं होती. पहिल्यासमोर सव्वातीन आणि शेवटच्यासमोर सव्वासात अशी वेळ टाकलेली होती. माझा मुलगा इतकं लिहितो हे मला माहीत नव्हतं. घरी त्याच्या वह्या अर्ध्या कोऱ्या असतात.

"आणि मग? जेवतो? लोळतो? टीव्ही बघतो तुझा?"

"नाही हो. आत येतच नाही तो. इथंच बसतो, स्टुलावर. किती वेळा म्हटलं, आत ये, नाही म्हणजे नाही. पाऊस असला तरी पडवीत. शेवटी मीच मशिन दारात ओढलं, म्हणजे लिहायला त्याला ऐकू येईल."

"थापा मारू नकोस."

"मी कशाला थापा मारू?"

पण माझा विश्वास बसला नाही. कसा बसेल? वर्षभर रोलरसमोर चादरी सरकवताना मी ते घर रंगवलं होतं. मऊ सोफा, गार पंखा, समोर गरम गरम ताट, आणि माझा पोरगा पाय पसरून तिच्याशी गप्पा मारतोय. माझ्याशी न मारलेल्या गप्पा. ते सगळं एका पाय बांधलेल्या स्टुलावर आटपतंय म्हणे! गोड बोलून मला गार करायला बघतेय, असंच वाटलं.

निघताना विचारल्याशिवाय राहवलं नाही. "माझं बटण सैल असायचं का गं?"

"नाही. तुमचा टाका घट्टच असायचा. मीच उसवायचे. त्याला सांगायचे, सैल झालंय, काढ शर्ट, लावून देते."

"का पण?"

"एकदा त्याचा शर्ट चुरगळला म्हणून मी इस्त्री केली. तर म्हणाला, आईसारखी कॉलर कुणालाच जमत नाही." तिच्या मानेवरची टेप तिनं उगाच गुंडाळली, पुन्हा सोडली. "रोज तुमच्या हातची ती कडक कॉलर समोर घेऊन बसायचा. मला मूल नाही, ताई. त्या शर्टावर माझंही काहीतरी असावं असं वाटायचं. बटणाएवढं."

मला तिची दया यायला हवी होती. आली नाही. उलट इतकं बरं वाटलं की काय सांगू! म्हणजे ही पण जळत होती. मी इकडे तिच्या फुलीवर जळतेय आणि ती तिकडे माझ्या कॉलरवर. मी वही काखेत मारली आणि म्हटलं, "ही मी नेते." आणि सरळ वकीलबाईंकडे गेले.

पुढच्या तारखेला ती मागच्या खुर्चीवर बसली होती, मांडीवर हात ठेवून. ऑफिसर बाई मधल्या दिवसांत तिचं घर बघून आल्या होत्या. मोन्यानं आत येताच तिला पाहिलं आणि त्याचा चेहरा पांढरा पडला. मग त्यानं माझ्याकडे पाहिलं. मी उभी राहिले.

"मॅडम, मागच्या वेळी मी खोटं बोलले. तो दुपारी कुठे असतो ते मला वर्षापासून माहीत आहे. या बाईंकडे असतो. ही वही."

मॅडमनी चष्मा लावून पानं उलटली. बराच वेळ. त्यांनी मोन्याला जवळ बोलावून कोऱ्या कागदावर आकडे लिहायला लावले, आणि त्याचा नऊचा आकडा पाय दुमडून बसला.

"हे तुम्ही तेव्हाच का सांगितलं नाहीत?" त्यांनी मला विचारलं. "पंधरा दिवस मुलगा आत राहिला."

मी कारणं ठरवून आणली होती. घाबरले होते, गोंधळले होते, कुणी नीट समजावलं नव्हतं. मोन्या माझ्याकडे बघत होता. त्याच्यासमोर अजून एक खोटं बोलायला तोंड उघडेना.

"जळत होते, मॅडम," मी म्हटलं.

टेबलाच्या टोकाला बसलेल्या कारकुनानं मान वर केली. "हे लिहून घेऊ का?"

"नको," मॅडम म्हणाल्या.

मग जे व्हायचं होतं तेच झालं. वकीलबाई म्हणाल्या की मुलगा त्या इमारतीपासून लांब राहिला तर बरं. ऑफिसर बाई म्हणाल्या की शिवणवालीकडे दुपारी मोठं माणूस घरी असतं, शाळाही जवळ आहे. मी जे पंधरा दिवसांपूर्वी एका क्षणात पाहिलं होतं तेच सगळं, त्याच क्रमानं. खटला संपेपर्यंत मोन्या तिच्याकडे राहणार. मी हवं तेव्हा भेटू शकते. बाप ट्रक घेऊन बाहेरगावी, म्हणून हमीच्या कागदावर तिची सही लागणार होती.

मॅडमनी मला विचारलं, "आई म्हणून तुमची काही हरकत?"

"आहे ना. खूप आहे," मी म्हटलं. "पण मुलगा बाहेर यायला हवा."

त्यांनी सही केली.

आम्ही तिघं बसनं गेलो. मोन्या मधे बसला, मी खिडकीशी, ती कडेला. माझ्या मांडीवर त्याचे चार शर्ट होते, आदल्या दिवशी लाँड्रीत वाफेच्या इस्त्रीखाली घातलेले. कॉलरी अशा केल्या होत्या की बोट कापेल.

तिनं दारातलं मशिन बाजूला सारलं, आत जाऊन दिवा लावला. मी बाहेर उभं राहूनच शर्ट तिच्या हातात दिले.

"हे बघ. बटणं तुझी. फुली घाल नाहीतर काहीही घाल. कॉलरला हात लावायचा नाही. दर रविवारी मी येऊन कपडे नेईन."

"बरं, ताई."

"आणि माझ्यासमोर त्याला फार सोन्या-बाळा करायचं नाही."

"नाही करणार."

मागे वळून बघते तर मोन्या स्टुलावर बसला होता. पडवीत. पिशवी मांडीवर, पाय जुळवलेले, अगदी रोजच्या सवयीनं बसावं तसा. ती आतून म्हणाली, "अरे, आत ये ना." तो हलला नाही. माझ्याकडे बघत राहिला. पंधरा वर्षांचा घोडा, मिसरूड फुटायला लागलेली, आणि डोळे मात्र नऊ वर्षांच्या मुलाचे.

मग माझ्याच लक्षात आलं. मी चपला काढल्या आणि आधी स्वतः आत गेले. आत सोफा नव्हता. एक पलंग, कपड्यांचे गठ्ठे, भिंतीला रिळांची फळी. मी वळले आणि म्हटलं, "ये, मोन्या. मी आहे इथं. ये."

तो उठला. उंबऱ्याशी थांबला, पाय उचलला आणि आत आला. खोलीच्या मधोमध उभा राहून त्यानं एकेक भिंत पाहिली, छत पाहिलं, रिळं पाहिली. परक्या घरी पहिल्यांदा गेलेला माणूस बघतो तसंच बघत होता तो. मग ओठांवरून जीभ फिरवली आणि तिला विचारलं,

"काकू, पाणी कुठे असतं?"